कोपऱ्यातला हिरवा आकडा

दत्तोबांच्या घरात रात्र दुपारी व्हायची. त्यांचा मुलगा ज्ञानेश चाकणला एका कंपनीत क्वालिटी खात्यात होता आणि सध्या त्याच्या नशिबी नाइट शिफ्ट आली होती. सकाळी कंपनीची बस त्याला पिंपळे सौदागरच्या चौकात सोडून जायची. तो आला की घरातले सगळे पडदे ओढले जायचे, फटींना कपडे वाळत घालायचे चिमटे लागायचे, आणि मग कुणी मोठ्यानं बोलायचं नाही. त्याची आई अंबूबाई कुकरची शिट्टी व्हायच्या आत गॅस बंद करायच्या, त्यामुळे त्या घरातली डाळ कायम जरा कच्चट असायची. बाहेर टळटळीत उन्हात सोसायटीतली पोरं क्रिकेट खेळत असायची आणि आत ही दोन म्हातारी माणसं स्वतःच्याच घरात चोरपावलांनी वावरायची.

दुपारी उठून जेवला की ज्ञानेश हॉलच्या कोपऱ्यातल्या कॉम्प्युटरवर गेम खेळत बसायचा. पडदे तेव्हाही बंदच, कारण उजेडानं स्क्रीनवर चमक येते म्हणे. गेम होता एका ओसाड गावाचा. धुकं, पडकी घरं, आणि मधूनच एखाद्या दारातून कुणीतरी मान वाकडी करून बघायचं. कानाला हेडफोन लावला की घरात कोण आलं, कोण गेलं, याचा त्याला पत्ता नसायचा. अलीकडे गेम मध्येच अडखळायला लागला होता. म्हणून त्यानं स्क्रीनच्या वरच्या कोपऱ्यात एक आकडा कायम दिसेल अशी सोय करून घेतली. दर सेकंदाला किती चित्रं सरकतात ते सांगणारा आकडा. हिरवा, ठळक. साठ.

हा आकडा पहिल्यांदा दिसला तेव्हा अंबूबाईंच्या हातात आमटीचं पातेलं होतं. ते पडलं नाही, हेच नशीब.

कारण असाच आकडा त्यांनी आधी पाहिला होता. उन्हाळ्यात दत्तोबांना हार्ट अटॅक आला, तेव्हा आयसीयूच्या काचेतून अंबूबाईंना नवरा धड दिसायचाच नाही. नळ्या दिसायच्या, चादर दिसायची आणि वर स्क्रीनच्या कोपऱ्यात हिरवा आकडा. "आजी, हा साठच्या आसपास राहिला की काळजी नाही," नर्स म्हणाली होती, "फार खाली आला तर आम्ही पळतोच." बाहेरच्या बाकावर बसून अंबूबाई त्या आकड्याकडं बघत राहिल्या. संसारात नवऱ्याशी जेवढं बोलल्या नव्हत्या, तेवढं त्या आकड्याशी मनातल्या मनात बोलल्या. राहा, म्हणाल्या. एवढ्यात जाऊ नका.

दत्तोबा घरी आले तेव्हा त्यांची मुलगी योगिनी वाकडहून एक घड्याळ घेऊन आली होती. "ह्याच्यात सिम आहे आई. बाबा किती चालले, नाडी कशी आहे, सगळं मला माझ्या मोबाइलवर दिसतं." आता दत्तोबांची नाडी वाकडपर्यंत जाऊ शकते, तर हॉलच्या कोपऱ्यापर्यंत का जाणार नाही? अंबूबाईंच्या या विचारात खोट काढणं कठीण आहे.

तरी त्यांनी खात्री करून घेतली. ज्ञानेशच्या खांद्याला हात लावून त्यांनी विचारलं, "ह्यो आकडा कसला रं?"

ज्ञानेशनं एक कान मोकळा केला. "साठ आहे ना? मग मस्त चाललंय. खाली यायला लागला की प्रॉब्लेम." आणि कान परत झाकला.

त्याच दुपारी आकडा खाली आला. दवाखान्यातून आल्यापासून दत्तोबांच्या पाठीत थंडी भरायची. ते वेताची खुर्ची कॉम्प्युटरच्या डब्याला पाठ लावून ठेवायचे, खांद्यावरची घोंगडी पाठीमागं पार जमिनीपर्यंत सोडायचे आणि डुलक्या काढायचे. ते बसले तेव्हा आकडा साठ होता. थोड्या वेळानं पन्नास. मग त्रेचाळीस. अंबूबाई हातातलं काम टाकून पुढं आल्या.

"अवो, उठा! आत जाऊन पडा जरा."

"का गं? बरा बसलोय की."

"उठा म्हन्ते ना!"

दत्तोबा कुरकुरत उठले, घोंगडी खांद्यावर टाकून आत गेले आणि पलंगावर पडले. अंबूबाईंनी हॉलमध्ये येऊन पाहिलं. आकडा सावकाश चढत चढत साठवर जाऊन उभा राहिला. त्यांनी पदरानं डोळे टिपले.

त्या दिवसापासून दत्तोबांचे हाल सुरू झाले. आधी मीठ गेलं. मग चहा गेला. ठेचा तर नजरेसमोरूनही गेला. ते खुर्चीत बसले की अंबूबाई दारात येऊन उभ्या राहायच्या, त्यांच्या डोक्यावरून पलीकडं कुठंतरी बघायच्या, आणि चेहरा पांढराफटक करून त्यांना झोपायला पाठवायच्या. नवऱ्याला काही सांगायची त्यांना हिंमत नव्हती. ऐकूनच काही झालं तर? ज्ञानेशला पुन्हा विचारायचं तर तो त्या वाकड्या मानेच्या माणसांमध्ये अडकलेला असायचा.

शेवटी न राहवून त्यांनी नणंदेला बोलावून घेतलं. सोजराबाई मावळातून नाचणीचं पीठ आणि भरपूर अनुभव घेऊन आल्या. त्यांनी आकड्याचं पडणं-चढणं स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं आणि मग दोघीजणी दुपारभर सोफ्यावर बसून दत्तोबांच्या डाव्या खांद्यावरून मागं टक लावून बघायला लागल्या.

"काय हाय माझ्या मागं?" दत्तोबांनी विचारलं.

"कुटं काय?" दोघी एकदम म्हणाल्या.

दत्तोबांनी हळूच मान वळवली. मागं धुक्यात एक बाई उभी होती. पांढरं लुगडं, मोकळे केस, मान वाकडी. त्यांनी तितक्याच हळू मान परत सरळ केली. "ज्ञान्याचा खेळ हाय त्यो," ते म्हणाले. मग त्यांच्या लक्षात आलं, की या दोघी त्या बाईकडं बघतच नव्हत्या. तिच्याही वर, कोपऱ्यात, काहीतरी होतं आणि ते फक्त यांनाच दिसत होतं. दत्तोबा त्या दिवशी कुणी न सांगताच उठून झोपायला गेले.

दुसऱ्या दिवशी योगिनीचा फोन आला. "आई, बाबांनी कमाल केली बरं का! रोज किती चालतात! आत्तासुद्धा बघ, नदीकडच्या रस्त्याला लागलेत."

"आत्ता?"

"हो, आत्ता. नकाशावर दिसतंय ना मला."

अंबूबाई फोन कानाला तसाच धरून आतल्या खोलीच्या दाराशी गेल्या. अंधारात पलंगावर दत्तोबा उताणे झोपले होते. तोंड उघडं, हात पोटावर, हालचाल नाही. फोनमध्ये योगिनी म्हणत होती, "भराभर चालतायत गं, एकदम तरुण माणसासारखे." अंबूबाईंनी नवऱ्याच्या नाकाखाली बोट धरलं. श्वास होता. पण त्यांच्या अंगावर सरसरून काटा आला तो गेला नाही.

सोजराबाईंनी हे शांतपणे ऐकून घेतलं. "वयनी, आमच्या चुलतसासऱ्यांचं अस्संच झालं हुतं. मानूस हितं निजल्यालं, आन् तिकडं शिवंवर लोकांना भेटल्यालं. जीव आदी जाऊन वाट बगून येतो."

"कसली वाट?"

सोजराबाईंनी नुसता नदीच्या दिशेला हात केला. नदीकडं जाणाऱ्या रस्त्याला शेवटी काय आहे ते दोघींनाही माहीत होतं.

शनिवारी दुपारी आकडा कधी नव्हे इतका पडला. ज्ञानेश खेळत होता. शेजारी वेताच्या खुर्चीत घोंगडी डोक्यावरून घेऊन दत्तोबा बसले होते. पडद्यांमुळे अंधारात नुसता आकार दिसत होता. चाळीस. चौतीस. सत्तावीस. "वयनी, उठवा त्यास्नी," सोजराबाई कुजबुजल्या. एकोणीस.

"अवो," अंबूबाईंनी हाक मारली. आकार हलला नाही. "अवो, ऐकलं का?" त्यांचा आवाज चिरकला. पुढं होऊन त्यांनी घोंगडी उचलली.

खाली कुणी नव्हतं. दोन उशा होत्या, एकीवर एक रचलेल्या. अंबूबाईंनी खुर्चीला हात लावला. खुर्ची गरम होती. आणि त्याच क्षणी खट्कन आवाज होऊन पंखा थांबला, स्क्रीन काळी झाली, आकडा विझला. अंधारात ज्ञानेश जिवाच्या आकांतानं ओरडला. लाइट गेल्यामुळं त्याची आठवड्याची मेहनत वाया गेली होती. पण हे त्या दोघींना कोण सांगणार?

तेवढ्यात अंबूबाईंच्या हातातला फोन उजळला. योगिनी. "आई, बाबा आज पार नदीला टेकले गं!"

लिफ्ट बंद होती. अंबूबाई अनवाणीच जिना उतरल्या. मागं सोजराबाई, हातात चालू फोन. सोसायटीचं गेट, मग रस्ता. ऊन उतरलं होतं, दुकानांतले दिवे गेलेले होते आणि ओळखीचा चौक अनोळखी दिसत होता. अंबूबाईंना एवढंच कळत होतं, की त्यांना नदीपर्यंत पोचायचं आहे. मिसळीच्या दुकानासमोरून जाताना त्या थबकल्या.

आतल्या बाकावर दत्तोबा बसले होते. समोर लालभडक तर्रीची मिसळ, मिशीला फरसाण. बायकोला बघून त्यांचा पाव हातातच राहिला.

"अगं, देवळात निगालो हुतो," ते म्हणाले, "वाटंत जरा..."

अंबूबाई सरळ आत शिरल्या. त्या बाकावर बसल्या, दोन्ही हातांनी त्यांचं मनगट घट्ट धरलं आणि भरल्या दुकानात हमसून हमसून रडायला लागल्या. "मला वाटलं, खुर्ची रिकामी करून गेलात तुमी. त्या काचंच्या भायेर मी परत न्हाई बसायची, सांगून ठिवते. मला न्हाई झेपायचं ते."

दत्तोबांनी पाव खाली ठेवला. असं काही त्यांनी आयुष्यात ऐकलं नव्हतं. त्यांनी बायकोच्या पाठीवर हात ठेवला आणि तो तर्रीचा आहे हे लक्षात येऊनही काढला नाही.

एवढ्यात सोजराबाईंच्या हातातला फोन बोलला. "आई, बाबा परत फिरले! चौकाकडं येतायत बघ."

 बाबा तर समोर बसले होते. सगळ्यांनी नदीच्या रस्त्याकडं बघितलं. धुरकट उजेडातून हात हलवत, ताठ मानेनं, एक माणूस भराभर चालत येत होता. पांढरे बूट. मनगटावर चकाकणारं घड्याळ.

"दत्तूभाऊ!" त्यानं लांबूनच आवाज दिला. "झाली रे बाबा तुझी आजची पावलं!"

ते साहेबराव होते. पिंपरीच्या कंपनीत दत्तोबांच्या शेजारच्या मशीनवर हयात घालवलेले. अंबूबाईंचा चेहरा बघून ते जागीच थांबले.

"वहिनी, रागवू नका. मी तसाही रोज चालतोच. कंपनीत मला उशीर झाला की दत्तूभाऊ माझं हजेरीचं कार्ड पंच करायचा. आता त्याचं मी करतो, एवढंच. पोरगी तिकडं खूश, हा इकडं खूश."

"म्हंजी घड्याळ इतके दिस तुमच्या हातात हुतं?"

"हो."

अंबूबाईंनी डोळे पुसले. त्यांच्या मनात हिशेब जुळायला लागला आणि तोंड हळूहळू गंभीर झालं. त्यांनी सोजराबाईंकडं बघितलं, सोजराबाईंनी त्यांच्याकडं. मग दोघींनी साहेबरावांच्या डाव्या खांद्यावरून मागं बघितलं.

"दादा," सोजराबाई मायेनं म्हणाल्या, "तुमी आदी बसून घ्या."

"का? काय झालं?"

"तुमचा आकडा एकोनीसवर आला हुता. मंग विझला."

साहेबरावांनी आधी हसायचा प्रयत्न केला. मग त्यांनी मनगट चाचपलं, तिथं घड्याळाचा पट्टाच लागला, नाडी काही सापडेना. "विझला म्हणजे?" असं विचारत ते बाकावर टेकले. दुकानदारानं न सांगता पाण्याचा ग्लास पुढं केला.

ज्ञानेश चपला फटफटवत आला तोवर साहेबरावांनी घरी मुलाला फोन लावला होता. सगळं ऐकून ज्ञानेशनं डोकं धरलं. "आई, तो गेमचा आकडा आहे! मशीन तापलं की खाली येतो." मग तो थांबला. "घोंगडी. बाबा, तुम्ही डब्याच्या मागं घोंगडी सोडून बसता? अहो, ते गुदमरतं! आणि मी नवीन मशीन घ्यायला निघालोय!"

मग हशा झाला. सगळ्यात मोठ्यानं साहेबराव हसले, पण घड्याळ त्यांनी भराभरा सोडवून दत्तोबांच्या हातात दिलं. "नको भावा, तुझं तूच पंच कर."

दत्तोबांनी ते स्वतःच्या हातात बांधलं नाही. त्यांनी ते अंबूबाईंच्या मनगटावर, बांगड्यांच्या वर, बसवलं. "बग, काय करतं का. उगा भ्यालीस."

घड्याळ क्षणभर गप्प राहिलं आणि मग थरथरायला लागलं. फोनमधून योगिनी किंचाळली, "आई, बाबांची नाडी एवढी कशी वाढली? एकशे अठरा! आधी आडवं करा त्यांना!"

हसू थांबलं. आता सगळे अंबूबाईंकडं बघत होते.

"मला काय बी झालं न्हाई," अंबूबाई म्हणाल्या.

"गप," दत्तोबा म्हणाले. त्यांनी मिसळ तशीच बाजूला सारली. "घरी चल."

संध्याकाळी ज्ञानेश कंपनीच्या बसला गेला, तरी पडदे कुणी उघडले नाहीत. योगिनी वाकडहून निघाली होती. सोजराबाई गुडघे चोळत सोफ्यावर बसल्या होत्या आणि अंबूबाईंना पलंगावर निजवलं होतं. स्वयंपाकघरात दत्तोबांनी जन्मात पहिल्यांदा खिचडी लावली, आणि कुकरची शिट्टी होऊ दिली नाही. मीठ तर घातलंच नाही. मग ते येऊन पलंगाजवळ बसले आणि बायकोचं मनगट मांडीवर घेतलं. घड्याळावर बारीक हिरवा आकडा चमकत होता. अंबूबाईंनी एक डोळा किलकिला केला. नवरा त्या आकड्याकडं बघत होता आणि त्याचे ओठ हलत होते.

"कुनाशी बोलताय?" त्यांनी विचारलं.

"कुनाशी न्हाई," दत्तोबा म्हणाले. "तू नीज."