मुखरूभाऊंची इंग्रजी पदवी

जुन्या इंग्रजी शब्दांचं मूळ उकरून काढावं ते अख्ख्या वडश्यात मीच! मी, प्रवीण मास्तर, रोज स्टेटसला एक शब्द टाकतो. अर्थ दुसऱ्या दिवशी! लोकांना जरा ताटकळत ठेवलं की विद्वत्तेला भाव येतो.

त्या मंगळवारी मी 'करमजन' टाकला आणि विसरलो. डोकं ठिकाणावर होतंच कुठं? दिव्यानीचे वडील, राइस मिलवाले मुखरूभाऊ, संध्याकाळी आमच्या लग्नाचा निकाल सांगणार होते! तोही नाटकाच्या उद्घाटनाला, कारण उद्घाटक तेच. सकाळपासून मी चार वेळा दाढी केली.

आता, आमच्या झाडीपट्टीच्या नाटकांत पदवीशिवाय कुणाचं नाव बॅनरवर चढत नाही. कुणी विनोदसम्राट, कुणी डान्सिंग क्वीन. मंडपात शिरलो आणि वर पाहिलं. वीस फुटी बॅनरवर 'द ग्रेट करमजन मुखरूभाऊ'!

नाटक कंपनीच्या मॅनेजरला, गोपालला गाठलं.

"अबे, हे काय छापलं?"

"तुमच्याच स्टेटसवरचं, मास्तर! कसा वजनदार शब्द आहे! दुसऱ्या कोण्याच कंपनीजवळ नाई!"

"अर्थ तरी पाहायचा!"

"तो तर तुम्ही उद्या टाकता न!"

अर्थ होता खडूस, कंजूष म्हातारा! बॅनर उतरवायला धावलो, तोच माइकवर मुखरूभाऊ गरजले, "मास्तर, वर या! हा शब्द का होय, ते पब्लिकले सांगा!"

मी अर्थाला बगल दिली आणि मुळाला धरलं. "मंडळी, शब्द चारशे वर्षांहून जुना! पण मूळ अजून कुणाला सापडलं नाही! एका कोशकाराला कुणी अनोळखी माणसानं पत्रातून फ्रेंच मूळ कळवलं. त्यानं कोशात त्या मुळापुढे प्रामाणिकपणे लिहिलं, 'अनोळखी पत्रलेखक'. पुढच्या कोशवाल्यानं नक्कल मारली आणि 'अनोळखी पत्रलेखक' हाच त्या फ्रेंच शब्दांचा अर्थ म्हणून छापला!"

टाळ्या! न बघता छापणारे गोपाल तिकडेही होते तर.

"अन् अर्थ?" दिव्यानीची आत्या, आशाबाई, खालून ओरडली.

"अर्थ... उद्या स्टेटसवर!"

"उद्या काऊन?" मुखरूभाऊंनी माइक ओढला. "मी मोबाइलवर पायला. कंजूष म्हातारा!"

दिव्यानीनं डोळे मिटले. माझं लग्न मोडलंच!

"माह्याबद्दल पयल्यांदा कोणी खरं छापलं!" मुखरूभाऊ हसले. "पोरगी देल्ली तुले!"

मी पायच धरले.

"पण करमजन म्हनलास न? मंग लग्न उद्या सकाळी, याच मंडपात! दुपारपर्यंतचं भाडं भरलं आहे!"

लग्न झालं. बॅनरही तोच राहिला! फोटोत मुखरूभाऊंचं नाव दिव्यानीच्या मागे झाकलं गेलं आणि पदवी तेवढी बरोबर माझ्या डोक्यावर आली. शाळेत पोरं आता मलाच करमजन सर म्हणतात.

"सर, याचा अर्थ काय जी?"

मी म्हणतो, उद्या सांगतो!