स्वरदाचा मेनू

"काका, चहा होईपर्यंत मेनू उभा करतो!" लॅपटॉप उघडता उघडता मुकुलने जाहीर केलं. मुकुल गोविंदरावांचा पुतण्या. परभणीत कॉम्प्युटर दुरुस्तीचं दुकान, आणि आत्मविश्वास असा की बंद पडलेला ट्रॅक्टरही माऊस लावून सुरू करील!

झरी गावातल्या घरात गोविंदरावांना खेळ नको होते. हवा होता तो फक्त पहिला पडदा. त्यांची लेक स्वरदा तिचं हातातलं गेमचं यंत्र चालू करायची, टिंग वाजायचं, मेनू यायचा. त्यावर तिचं नाव आणि तिनंच लिहिलेली एक ओळ. ओळ वाचायला बाप वाकला की पोरगी वर तळहात ठेवायची. पोरगी जाऊन दोन वर्षं झाली. मागच्या महिन्यात यंत्रही गेलं. नशीब, मुकुलने त्याआधी आतलं सगळं उतरवून घेतलं होतं. तोच मेनू आता यंत्राशिवाय, लॅपटॉपवर चालवायचा होता.

मुकुल गाडीतला चार्जर आणायला बाहेर पडला, आणि टिंग! स्वरदाची आई कावेरीबाई पिठाच्या हातानं धावत आल्या. पडद्यावर इंग्रजीत प्रश्न होता: तुमचं नाव?

गोविंदरावांचा जन्म तहसील कचेरीत गेलेला. कोरा रकाना त्यांना पाहवेना. आधी आडनाव, ही शिस्त! 'पिंगळीकर'ची इंग्रजी अक्षरं संपली आणि जागाही संपली.

"अगं, माझं नाव बसंना!"

"आडनावातच सरलात तुमी."

पुढचा प्रश्न वाढदिवसाचा.

"खरा टाकू का शाळेतला?"

"पेन्शनीतला टाका. लफडं नको."

तेवढ्यात शेजारचे बन्सीधर नारळ घेऊन दारात हजर! "स्वरदा कम्प्युटरात यायलीय म्हनं. नारळ कुठं फोडायचा?"

"लॅपटॉपवर न्हाई, काका!" ओरडतच मुकुल आत आला. त्यानं पडद्यावरचं 'पिंगळीकर' पाहिलं आणि त्याचा चेहरा उतरला. "नाव कुणी भरलं? आता ही फाईल तिची होती की..."

"म्या पुसलं का रे तिचं?" गोविंदरावांनी विचारलं.

बन्सीधरांनी नारळ हळूच पाठीमागे लपवला. मुकुल घाम पुसत फाईली उघडत राहिला, बंद करत राहिला.

"कोरी होती, काका! चाचणीसाठी ठेवलेली. तिची ही बघा."

टिंग! तेच. अगदी तेच. कावेरीबाईंनी पदर तोंडाला लावला. पडद्यावर स्वरदा हे नाव आलं, आणि खाली इंग्रजी अक्षरांत मराठी ओळ. गोविंदरावांनी चष्मा पुसला, एका हातानं लॅपटॉप जवळ ओढला आणि एकेक अक्षर लावत मोठ्यानं वाचलं:

"बाबा... हात... लावू... नका!"

त्यांनी हात झटकन मागे घेतला.

"जिती होती तवा एकदा तरी ऐकलंत का?" कावेरीबाई हसल्या, आणि हसता हसता त्यांना हुंदका आवरेना.

चहा आला. गोविंदराव पडद्यासमोर दोन्ही हात मांडीखाली दाबून बसले होते. कप घ्यायलाही त्यांनी हात बाहेर काढला नाही.