जाळीतून आलेली शिंक

शिंक आली तेव्हा जावईबापू जेवणाच्या टेबलाशी उभे राहून सासऱ्यांची नक्कल करत होते आणि बायको तोंडात पदर कोंबून हसत होती. सासरे नुकतेच जेवून पलीकडच्या खोलीत आडवे व्हायला गेले होते.

सासरे म्हणजे शाळेत कवायत शिकवून निवृत्त झालेले मास्तर. जन्मभर पोरांना हुकूम सोडले, आता समोर पोरं उरली नाहीत म्हणून ते स्वतःलाच सोडत. खुर्चीपाशी आले की दबक्या आवाजात म्हणायचे, "वळा. बसा. ग्लास उचला. प्या. ठेवा." त्यांना स्वतःला याचा पत्ताच नव्हता. त्यांच्या घरी फरशा उखडून नव्या बसवायचं काम निघालं म्हणून ते लेकीकडे राहायला आले होते, आणि आल्या दिवसापासून ह्या हुकमांनी जावईबापूंच्या अंगातला नट जागा केला होता. त्या संध्याकाळी तर त्यांनी कमालच केली. टेबलाभोवती एक फेरी मारली, पोट आत घेतलं आणि म्हणाले, "चमचा उचला. भाजी घ्या. चावा. पुन्हा चावा."

आणि वरच्या जाळीतून शिंक आली. जरा दबलेली, पण निर्विवाद सासऱ्यांची.

दोघं जागच्या जागी थिजली. ह्या घराला एकच मोठा एसी होता. त्याची थंड हवा छतातल्या पत्र्याच्या डक्टमधून खोल्याखोल्यांत जायची आणि भिंतीतल्या जाळ्यांतून बाहेर पडायची. जेवणाची खोली आणि पाहुण्यांची खोली ह्यांना एकाच डक्टचा फाटा होता, दोन्ही जाळ्या पाठीला पाठ लावून. शिंक तिकडून इकडे येते, म्हणजे इकडची नक्कल तिकडे गेलीच असणार. एवढा साधा हिशेब जावईबापूंना कळला आणि त्यांच्या कानांच्या पाळ्या तापल्या.

"ऐकलं असेल का हो त्यांनी?" बायकोने ओठांनीच विचारलं.

जावईबापूंना रात्रभर झोप आली नाही. माणूस आपल्याकडे पाहुणा म्हणून आलाय, स्वतःच्या मुलीच्या घरी चार दिवस सुखाने राहावं म्हणून, आणि आपण त्याच्या चावण्याची नक्कल करतो. ह्या म्हाताऱ्याच्या नजरेला आता नजर कशी द्यायची, एवढा एकच प्रश्न त्यांना छळत होता.

सकाळी सासरे फिरायला गेले आणि बायको अंघोळीला गेली, तेव्हा जावईबापू खुर्चीवर चढले. जाळीची झडप लावून टाकावी असा साधा बेत होता. पण घराला रंग देणाऱ्याने भिंतीबरोबर झडपेचा खटकाही रंगवून टाकला होता, तो काही केल्या हलेना. मग त्यांनी जाळीचे स्क्रू काढले, स्वतःची उशी आणली आणि फाट्याच्या पलीकडे, सासऱ्यांच्या खोलीकडे जाणाऱ्या तोंडात ती कोंबली. जे ऐकलं ते ऐकलं, निदान पुढचं तरी जाणार नाही. जाळी परत लावून ते खाली उतरले तेव्हा त्यांना जरा माणसात आल्यासारखं वाटलं. उशी कुठे गेली असं बायकोने विचारलं, तर धुवायला टाकली म्हणाले, आणि टॉवेलची घडी करून त्यावर झोपायला लागले.

पण सासऱ्यांनी ऐकलं होतं, ह्याची खूण रोज नव्याने पटत होती. ते जावयाशी फारच प्रेमाने वागायला लागले होते. कलिंगड कापलं की मधली लालभडक फोड जावयाच्या ताटात. ऑफिसातून आल्यावर पाठीवर हात. एकदा तर निघताना म्हणाले, "जावईबापू, तुम्ही फार सोसता हो. पण बोलून दाखवत नाही." एवढं म्हणून त्यांनी ज्या नजरेने पाहिलं, ती नजर जावईबापूंना ऑफिसात दिवसभर पुरली. कुणी ओरडलं असतं तर परवडलं असतं. हा माणूस अपमानाची परतफेड कलिंगडाने करत होता.

त्यात टॉवेलवर झोपून जावईबापूंची मान धरली. सासऱ्यांनी आपल्या पिशवीतून मलम काढलं, जावयाला समोर बसवलं आणि जुन्या मास्तरकीने मान चोळून दिली. "सैल सोडा. डावीकडे. उजवीकडे." जावईबापू डोळे मिटून बसले होते. मेल्याहून मेल्यासारखं होणं म्हणजे काय, ते त्यांना मानेपासून कळत होतं.

मग एक दिवस बायको बाबांच्या खोलीत केर काढायला गेली आणि घामाघूम होऊन बाहेर आली. खोली भट्टीसारखी तापली होती. सासरे डोक्यावर ओला टॉवेल घेऊन बसले होते आणि कपाळावरून धारा वाहत असताना सांगत होते की त्यांना मुळीच उकडत नाही, उलट थोडी ऊबच बरी वाटते.

"अहो, बघा जरा काय झालंय ते," बायको म्हणाली. "तुम्हाला कळतं ना त्यातलं."

घरात काहीही बिघडलं की जावईबापू कंबरेवर हात ठेवून त्याचं निदान करत. ती त्यांची खासियत होती. आजवरच्या निदानांतलं एकही बरोबर आलं नव्हतं हा भाग वेगळा. ह्या वेळी मात्र पहिल्यांदाच त्यांना बिघाड नेमका ठाऊक होता आणि तोच सांगायची सोय नव्हती.

"मुळात प्रश्न असा आहे की फिल्टरमध्ये धूळ साठलीय," ते म्हणाले.

"अगदी बरोबर," सासरे ताबडतोब म्हणाले. "फिल्टरच असणार. दुसरं काही असूच शकत नाही."

फिल्टर काढला, बाल्कनीत नेऊन झटकला. सगळी धूळ खालच्या मजल्यावरच्या बाईंच्या वाळत घातलेल्या चादरींवर गेली. जावईबापू खाली जाऊन माफी मागून आले. खोली होती तशीच राहिली.

मग त्यांनी दुसरं निदान केलं. बाकीच्या खोल्यांच्या जाळ्या बंद केल्या की सगळी हवा बाबांच्या खोलीकडे वळेल. मनातली आशा निराळी होती, की हवेच्या जोराने उशी पुढे सरकेल आणि सासऱ्यांच्या बाजूने कधीतरी हळूच काढून घेता येईल. सासऱ्यांनी हेही निदान उचलून धरलं आणि स्वतः फिरून जाळ्यांवर पुठ्ठे चिकटवायला मदत केली. संध्याकाळपर्यंत घरभर शिट्टीसारखा आवाज यायला लागला. हवेला वाटच नाही म्हटल्यावर आत एसीवर बर्फ धरला, मग तो वितळला आणि पॅसेजच्या छतातून पाणी टपकायला लागलं. आता कुठलीच खोली गार होईना. चारी खोल्यांत समता नांदू लागली.

बायको बादली ठेवून कपाळाला हात लावून बसली. जावईबापूंनी ठरवलं की आता उशी काढायचीच. बायको दुकानात गेली आणि सासरे खोलीत दार लावून पडले, तसे ते पुन्हा खुर्चीवर चढले आणि खांद्यापर्यंत हात आत घातला. उशी पुढे सरकली होती. बोटं टेकत, पण पकडीत येत नव्हती. मग त्यांनी स्वयंपाकघरातून झारा आणला. झाऱ्याने उशी आणखी आत गेली आणि झारा हातातून सुटून तिच्यामागे गेला. आता छत्री आणावी का, असा विचार चाललेला असताना खालून आवाज आला.

"काय करताय, जावईबापू?"

जावईबापूंची धरलेली मान वळेना. भिंतीकडेच तोंड करून ते म्हणाले, "हवेचा दाब बघतोय."

"हाताने?"

"मुळात हाताइतकं अचूक यंत्र नाही, बाबा."

"खरं आहे," सासरे म्हणाले. ते पुढे आले आणि दोन्ही हातांनी खुर्ची घट्ट धरून उभे राहिले. "तुम्ही बघा निवांत. पडाल नाही तर."

त्या क्षणी जावईबापूंना खुर्चीवरून खरोखरच पडावंसं वाटलं. ज्याच्या खोलीची आपण भट्टी केली, तोच आपल्याला पडू नये म्हणून धरून उभा आहे. लाज वाटते म्हणजे नेमकी कुठे वाटते, हे त्यांना कुणी विचारलं असतं तर त्यांनी सांगितलं असतं, पोटात, बेंबीच्या जरा वर.

बायकोने त्यांना न विचारता एसीवाल्याला बोलावलं. तो दुसऱ्या दिवशी आला, बडबड्या गृहस्थ. लांब वायरीच्या टोकाला बसवलेला छोटा कॅमेरा त्याने जेवणाच्या खोलीतल्या जाळीतून आत सोडला आणि मोबाईल टेबलावर उभा करून ठेवला. तिघं त्याच्यासमोर बसली. पडद्यावर पत्र्याचं करडं भुयार पुढे पुढे सरकत होतं आणि एसीवाला सांगत होता की मागच्या आठवड्यात एका घरात त्याला असंच आत कबुतराचं घरटं सापडलं, त्याच्या आधी एकाकडे कवळी.

"हे बघा," तो म्हणाला. "आहे काहीतरी. चकाकतंय. झारा दिसतोय हो."

"झारा?" बायको म्हणाली.

"आणि त्याच्या पुढे, थांबा, निळ्या चौकड्या. उशी आहे. उशी कशी गेली इथे?"

बायकोने पडद्याकडे पाहिलं, मग नवऱ्याच्या मानेकडे पाहिलं. तिला सगळं कळलं नव्हतं, पण उशी कुणाची ते कळलं होतं. एसीवाल्याने वायरीचा आकडा अडकवून आधी झारा ओढला, मग उशी, आणि धुळीने माखलेल्या त्या दोन वस्तू टेबलावर ठेवल्या. सासरे उशीकडे अशा काही चेहऱ्याने बघत होते की जावईबापूंचा धीर सुटला.

"बाबा, मला माफ करा," ते म्हणाले. "उशी मी घातली. त्या दिवशी मी तुमची नक्कल करत होतो, तुम्ही ऐकली, तुम्ही शिंकलात. पुढचं काही तुमच्या कानावर जाऊ नये म्हणून मी डक्ट बुजवला. तुम्ही इतके दिवस उकाड्यात काढलेत आणि वर माझीच मान चोळून दिलीत. मला फार लाज वाटते."

सासऱ्यांनी चष्मा काढला, पुसला आणि परत लावला.

"कसली नक्कल?" त्यांनी विचारलं.

बायकोने डोळे मिटून घेतले. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

"तुम्ही काही ऐकलं नाहीत?"

"मी कसा ऐकणार?" असं म्हणून सासरे अवघडून उठले. "या," ते एसीवाल्याला म्हणाले, "तुमचं काम अजून अर्धं राहिलंय." त्यांनी आपल्या खोलीत स्टूल ओढलं, स्वतःच जाळी काढली, आत हात घातला आणि एक जाडजूड लोकरी स्वेटर बाहेर ओढला. त्याच्याबरोबर थंड हवेचा झोत आला आणि सगळ्यांचे केस उडाले.

"उशी तुमची असेल," ते स्वेटर झटकत म्हणाले, "पण तुमच्या आधीपासून हा होता आत. मला वाटलं, एसी मीच बिघडवला. सांगायचं कुठल्या तोंडाने? म्हणून तुम्ही फिल्टर म्हणालात तर फिल्टर, जाळ्या म्हणालात तर जाळ्या. शिंक तेवढी गेली असेल आरपार. मैदानावरची सवय आहे तिला."

"पण तुम्ही का घातलात, बाबा?" जावईबापूंनी विचारलं.

सासऱ्यांनी लेकीकडे पाहिलं. ती एकदम पॅसेजमधली बादली उचलायला वळली.

"जाऊ दे," ते म्हणाले.

"नाही, सांगा."

"दुपारी तुम्ही ऑफिसात असता, तेव्हा ही तिथे टेबलाशी बसून मैत्रिणीशी फोनवर बोलते. मला सगळं ऐकू यायचं. तुम्ही कंबरेवर हात ठेवून निदान कसं करता, ते करून दाखवते रोज. तिकडची बाई हसते, ही हसते." ते थांबले. मग खाली बघत, जणू स्वतःचीच चूक कबूल करत असल्यासारखे म्हणाले, "वाईट वाटायचं हो. इतका सरळ माणूस. म्हटलं, जावयाची अशी थट्टा आपल्या कानांनी ऐकायची नाही. म्हणून स्वेटर कोंबला आत."

म्हणजे ती लालभडक फोड, तो पाठीवरचा हात, ती नजर. जावईबापूंनी सगळं मनातल्या मनात परत एकदा पाहिलं आणि त्यांना नव्याने लाज वाटली, ह्या वेळी कुणाची वाटते आहे तेही धड कळेना. बायको बादली हातात धरून तशीच उभी होती. तिचा चेहरा कानापर्यंत लाल झाला होता. दोघांनी एकमेकांकडे पाहिलं आणि दोघांनीही एकाच वेळी नजर काढून घेतली.

एसीवाल्याला ह्यातलं काही कळलं नाही, किंवा सगळं कळलं आणि त्याने तसं दाखवलं नाही. त्याने दोन्ही खोल्यांतल्या जाळ्यांसमोर हात धरून पाहिला, हवा छान येते म्हणाला. आवाजही मोकळा जातोय, तेही त्याने तिकडून "हॅलो, हॅलो" करून दाखवलं. मग एका हातात उशी आणि दुसऱ्या हातात स्वेटर घेऊन तो तिघांसमोर उभा राहिला.

"आता ह्यांचं काम नाही ना?" त्याने विचारलं. "जाळ्या लावून टाकू?"

सासऱ्यांनी लेकीकडे पाहिलं, लेकीने नवऱ्याकडे. जावईबापूंनी वर उघड्या जाळीकडे. वरून थंड हवा येत होती आणि पलीकडच्या खोलीतल्या घड्याळाची टिकटिक स्पष्ट ऐकू येत होती.

"जरा थांबा," बायको म्हणाली. "आम्ही विचार करून सांगतो."