दाजीबाची तामिली

आमच्या तालुका कचेरीतल्या दाजीबा शिपायाने एका बहिऱ्या म्हाताऱ्याला थकबाकीची नोटीस सात वेळा वाचून दाखवली होती. थापा मारत नाही, मी स्वतः घाम पुसत तिथे उभा होतो. सातव्या खेपेला म्हाताऱ्याने एकदाची मान हलवली, पण तोवर अख्ख्या आळीला ती नोटीस जावक नंबरासकट पाठ झाली होती.

मी वसुलीचा कारकून. साठ सालानंतरची ती वर्षं. नवी नोकरी, नवी सायकल, आणि आपल्या तालुक्याची वसुली जिल्ह्यात पहिली आणायची अशी खुमखुमी! आणि वाट्याला काय यावं, तर हा दाजीबा. नोटीस द्यायला निघाला की आधी दाढी करणार, मग पट्ट्याचा बिल्ला घासणार. दारात उभा राहून माणसाचं नाव, बापाचं नाव, आज्याचं नाव खणखणीत पुकारणार.

"अरे, आजा कशाला मध्ये?" मी ओरडायचो.

"भाऊसाब, एका नावाची चार माणसं असत्यात गावात. भलत्याच्या जिवाला घोर कशापायी?"

माणूस घरी नसेल तर नोटीस दारावर डकवावी, असा नियम होता. दाजीबा डकवायचाच नाही. खळ लावलेला सरकारी कागद शेळीने चवीने खाल्लेला त्याने एकदा पाहिला होता. "शेळीला नोटीस बजावून काय उपेग?" म्हणायचा, आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा तंगडतोड. वाचून झालं की समोरच्याला विचारायचा, "काय समजलं ते सांगा." चुकलं की पुन्हा पहिल्यापासून! माझं डोकं उठायचं. पण त्याची तामिली, म्हणजे नोटीस पोचल्याचा रिपोर्ट, बावीस वर्षांत एकदाही खोटी ठरली नव्हती, आणि याची त्याला भारी मिजास होती.

त्या मार्चअखेरीला आम्ही म्हसवडजवळच्या एका वस्तीवर जप्तीला गेलो. गजराबाईच्या नवऱ्याने मेंढ्यांसाठी सरकारी कर्ज घेतलं होतं. हप्ते थकले, नवरा वारला, नोटीस देऊन महिना उलटला. आता मेंढ्या धरायच्या आणि लिलावात काढायच्या. मी इतका फुरफुरत होतो की जीप थांबायच्या आत उडी मारली. आणि मग काय धमाल उडाली म्हणता! मेंढ्या पुढे, मी मागे, आमचे मामलेदार रावसाहेब टेरिलिनच्या पँटीत पाय फाकवून वाट अडवताहेत, तोच एक एडका सरळ त्यांच्या पायांतून आरपार! साहेब बसले लेंड्यांत.

गजराबाई कोकरू छातीशी धरून ओरडत होती, "आवं, ह्येंच्यावरच आमी जगतो! न्हेल्यावर प्वारांनी खायाचं काय? आदी सांगायचं तरी!"

"सांगितलं नाही?" मी फाईल नाचवली. "हा बघा तुमचा अंगठा, ही दाजीबाची सही!"

दाजीबा इतका वेळ कुंपणाशी उभा होता. तो पुढे आला.

"रावसाब, मेंढ्या सोडा. तामिली खोटी हाय."

"म्हणजे? तू आलाच नव्हतास?"

"आलतो. नवरा जाऊन पाचवा दिस हुता. म्या वाचलं, बाई व्हय म्हणली, अंगठा दिला. पर तिच्या कानात एक अक्षर गेलं न्हाई, ते मला तवाच दिसत हुतं. काय समजलं ते म्या इचारलंच न्हाई. रिपोर्ट स्वच्छ जावा म्हणून गप बसलो. चूक माजी. लिहून देतो."

साहेब लालबुंद झाले. वेतनवाढ रोखतो, बघतोच तुला, असं बरंच काही बोलले. पण खुद्द शिपायाने असं लिहून दिल्यावर जप्ती टिकते कशी? मेंढ्या सुटल्या. नवी नोटीस, पुन्हा तीस दिवस. ती जागेवरच लिहायला मला आणि बजावायला दाजीबाला मागे ठेवून साहेब जीपमधून तणतणत गेले.

"बावीस वर्षांचं नाव मातीत घातलंस की रे!" मी भडकलो होतो.

दाजीबा दगडावर बसला. "भाऊसाब, माजी बायकू गेली तवा लय माणसं येऊन बोलत हुती. कोण आलं, काय म्हणलं, मला आजबी आठवत न्हाई. ठावं असून म्या ह्या बाईम्होरं कागद धरला." त्याचे डोळे भरून आले. मला माझीच लाज वाटली.

मी लिहिलेली नोटीस त्याने सावकाश वाचली. गजराबाईने मुदत विचारली, पुन्हा विचारली, बोटांवर दिवस मोजले. "लोकर कातरते, चार नर इकते, हप्ता भरते," ती म्हणाली. मग त्याच्याकडे बघत राहिली.

"दादा, तुमच्या घरी कोन हाय?"

"कोन न्हाई. मीच."

"मग रांधतं कोन?"

"कवा करतो. कवा न्हाई."

"मग उठा. हात धुवा."

थकबाकीदाराच्या घरचं पाणीसुद्धा न पिणारा तो माणूस माझ्या तोंडाकडे बघायला लागला. नियम विचारत होता बिचारा. नियम मला तोंडपाठ होते.

"चल दाजीबा," मी म्हणालो, आणि चपला काढून आधी मीच ताटावर बसलो.