विरुद्ध पार्टीचे बसूअण्णा

बसूअण्णांनी आमच्या सोसायटीवर दावा लावला आणि पहिल्याच तारखेला सकाळी मला, म्हणजे सोसायटीच्या सेक्रेटरीला, कोर्टात न्यायला स्कूटर घेऊन दारात हजर झाले. मी संकोचलो, तर म्हणाले, "भांडाण कोर्टात हाय, रस्त्यावर न्हाय. बसा." पुढे दोन वर्षं प्रत्येक तारखेला मी त्यांच्याच मागे बसून त्यांच्याविरुद्ध लढायला जात होतो.

अण्णा लिफ्टची देखभाल करतात. आमच्या लिफ्टचा वर्षाचा करार त्यांच्याकडे होता. सातव्या महिन्यात एका मोठ्या कंपनीनं कमी दर दिला, गणवेशातले मेकॅनिक दाखवले आणि आमची कमिटी विरघळली. मी करार रद्द केल्याच्या पत्रावर सही ठोकली. तीस दिवसांची नोटीस दिली नाही, मागच्या दोन महिन्यांचं बिलही अडकवून ठेवलं. अण्णांनी ती थकबाकी आणि उरलेल्या पाच महिन्यांचे पैसे मागितले. चूक आमचीच होती, पण सोसायटीची चूक कबूल करायला कोणी सेक्रेटरी निवडत नाही.

तेव्हापासून अण्णांना सगळीकडे करार दिसू लागला. मिसळीच्या हॉटेलात वेटर दुसऱ्यांदा रस्सा द्यायला कुरकुरला, तर यांनी भिंतीवरच्या 'रस्सा पाहिजे तेवढा' या पाटीकडे बोट केलं. "लिवलंय न्हवं? मग झाला की करार." सलूनमध्ये अर्धी दाढी झाल्यावर दाढी करणाऱ्या पोराला फोन आला आणि तो बाहेर निघाला. अण्णांनी साबणाच्या तोंडानं त्याला अडवलं. "मधीच काम सोडायचं आसंल तर तीस दिवसाची नोटीस लागती." पोरानं फोन ठेवून दिला. अण्णा एकटेच राहतात, त्यामुळे घरी त्यांच्याशी करार करायला कोणी नाही.

साक्षीच्या पिंजऱ्यात मात्र हा माणूस भलताच मोघम झाला. आमच्या वकिलांनी विचारलं, "करार संपवल्यावर तुम्ही त्या लिफ्टचं काही काम केलंत?" अण्णा छताकडे बघत म्हणाले, "करारापोटी न्हाय." आमचे वकील खूश झाले. काम नाही तर पाच महिन्यांचे पैसे कसले, असा त्यांचा मुद्दा होता.

माझ्या साक्षीच्या आदल्या संध्याकाळी आई सहज म्हणाली, "आण्णाचं पैसं दिऊन टाक की रं. दर सोमवारी येतोय बिचारा."

मी उडालोच. मग सगळं कळलं. नवी कंपनी आली त्याच आठवड्यात आई दोन मजल्यांच्या मध्ये लिफ्टमध्ये अडकली होती. कंपनीचा फोन लागेना, म्हणून वॉचमननं अण्णांना बोलावलं. त्या दिवसापासून दर सोमवारी, मी रंकाळा तलावावर फिरायला गेलो की अण्णा यायचे, लिफ्ट तपासायचे, तेलपाणी करायचे आणि चौथ्या मजल्यावर आमच्याकडे आईच्या हातचा चहा पिऊन जायचे; तिला ते आक्का म्हणत. कंपनीचं कोणी फिरकत नसतानाही लिफ्ट सुरळीत कशी, हा प्रश्न आमच्यापैकी एकालाही पडला नव्हता.

दुसऱ्या दिवशी पिंजऱ्यात अण्णांच्या वकिलांनी मलाही विचारलं, करार संपवल्यावर अण्णांनी लिफ्टचं काम केलं का? "माहीत नाही म्हणा," असं आमच्या वकिलांनी बजावलं होतं. मला खरोखर लाज वाटत होती. मी सांगून टाकलं, "केलं. दर सोमवारी केलं." आमच्या वकिलांनी कपाळाला हात लावला. अण्णांचे वकील हसत सुटले.

बाहेर आल्यावर अण्णा आभार मानतील अशी माझी कल्पना. ते तर लालबुंद झाले होते.

"तुमाला कुणी सांगितलं हुतं बोलायला? विरुद्ध पार्टीनं विरुद्धच बोलायचं आसतंय."

"अहो, पण तुमचे पैसे मिळतील आता."

"त्येच तर म्हणतोय. सोमवारचं काम बिलातलं न्हवतं, सेक्रेटरी. आता त्येचं पैसं लागलं." त्यांनी रुमालानं तोंड पुसलं. आवाज एकदम खाली आला. "पैसं घिऊन आक्कांच्या हातचा चा कसा पिऊ? सोमवारी मला जायाला तेवढं एकच घर हुतं."



घरी येऊन आईला सगळं सांगितलं. ती गुडघ्यांना तेल चोळत होती.

"त्येला म्हणावं, गप येत जा," ती म्हणाली. "मला तरी बोलायला दुसरं कोण येतंय?"