अकरा फळ्यांचा वारसा

तंजुंग रंबाई गावच्या लाकडी पुलाच्या नऊ फळ्या निखळल्या असून त्यामुळे रहदारीस अडथळा होत आहे, ही बाब मी बांधकाम खात्याच्या निदर्शनास सात वेळा सविनय आणून दिली होती. सातही अर्जांना उत्तर आलं. खातं उत्तरच देत नाही असं म्हणणाऱ्यांच्या मी तोंडी लागत नाही. पहिल्या उत्तरात बाब विचाराधीन होती, चौथ्यात ती सखोल विचाराधीन झाली. सातव्यात त्यांनी मला माझ्याच पहिल्या अर्जाची प्रत जोडून कळवलं, की या विषयावर पूर्वीच एका जागरूक नागरिकाने लिहिलेलं असल्याने नव्या तक्रारीची आवश्यकता नाही.

पूल उलिनच्या लाकडाचा आहे. हे लाकूड इतकं चिवट की खिळा वाकतो पण फळी वाकत नाही. फळ्या कुजून गेल्या नाहीत, पुरात वाहून आलेल्या ओंडक्यांनी त्या उखडल्या. नदीच्या अलीकडे आम्ही, पलीकडे बाजार, दवाखाना आणि जगातलं बाकी सगळं.

माझी मावशी मस्निया रोज पहाटे हा पूल ओलांडते. मावशीला आम्ही अचिल म्हणतो, आणि मस्निया तर साऱ्या गावाचीच अचिल. वय चौसष्ट, डाव्या गुडघ्यात वात, आणि डोक्यावर बिंकाची टोपली. नारळाच्या दुधातला हा गोड केक तिच्यासारखा दुसऱ्या कोणाला जमत नाही, आणि हे तीच सगळ्यांना सांगते. तर त्या पहाटे सहाव्या आणि सातव्या भगदाडाच्या मध्ये तिचा पाय चुकला आणि ती सरळ खाली गेली. ओहोटी होती म्हणून कमरेइतक्या चिखलात उभी राहिली. टोपली डोक्यावर जशीच्या तशी. काठावर जमलेल्या मंडळींनी तिला वर ओढण्याआधी आजचे केक ताजे आहेत ना, एवढं विचारून घेतलं.

अंग धुऊन ती तडक माझ्या दारात आली. "नावी," ती म्हणाली, "एकतीस वर्षं शाळेत पोरांना घोकवलंस, साहित्य समाजाचा आरसा असतो म्हणून. मग दाखव की एकदाचा त्यांना आरसा. तुझे अर्ज काही कोणी वाचत नाही."

मला लागलं ते. हे वाक्य मी आठवीला एकतीस वेळा शिकवलं होतं, परीक्षेत त्यावर पाच गुणांचा प्रश्नही ठेवत होतो, पण स्वतः करून पाहायची वेळ कधी आली नव्हती. मी आठ दिवस बसून एक गोष्ट लिहिली. काल्पनिक जिल्हा, काल्पनिक नदी. त्यात एक गलेलठ्ठ बुपाती, म्हणजे आमचा जिल्ह्याचा धनी, जो उद्घाटनाची फीत कापायला वर्षभर कात्री खिशात घेऊन हिंडतो, पण उद्घाटनाजोगं काही बांधत नाही. एक बांधकाम अधिकारी, जो पुलाबाबतच्या बैठकीला होडीने येतो. आणि एक म्हातारी, जी पुलातून पडते. नाव ठेवलं 'अकरा फळ्या'. फळ्या खरं तर नऊच गेल्या होत्या. पण नऊ कानाला किरकोळ वाटलं. अकरा म्हटलं की कसं भरल्यासारखं वाटतं. तेवढं स्वातंत्र्य लेखकाला असतं असं मी समजत होतो.

प्रांताच्या दैनिकाने रविवारच्या पुरवणीत गोष्ट छापली आणि गावाची झोप उडाली. सरपंच पाक बहरुन सकाळीच आले. पाक म्हणजे आमच्याकडचा राव, तो लावला की मान राखला जातो. ते म्हणाले, "पाक गुरू, कोणी विचारलं तर त्या आठवड्यात मी सासुरवाडीला होतो. तुम्हीही असतात तर बरं झालं असतं." शेजाऱ्यांनी मला नमस्कार करणं थांबवलं. मी पिशवीत दोन सारोंग, दात घासायचा ब्रश आणि रक्तदाबाच्या गोळ्या भरून ती दाराशी ठेवली. अचिलची तक्रार वेगळीच होती. गोष्टीतल्या म्हातारीचा केक खालून करपलेला असतो, हे मी का लिहिलं?

चौथ्या दिवशी पलीकडच्या काठावर सरकारी गाडी थांबली. संस्कृती खात्याचे प्रमुख पाक सुरियान्स्याह उतरले, पूल पाहून होडीत बसले, आणि माझ्या दाराशी येऊन त्यांनी मला मिठी मारली. बुपातीसाहेबांना गोष्ट बेहद्द आवडली होती म्हणे. कात्रीचा प्रसंग त्यांनी जेवताना तीनदा वाचून घेतला आणि हसून हसून त्यांना ठसका लागला. शेवटी डोळे पुसत म्हणाले, "हुबेहूब शेजारच्या जिल्ह्याचा बुपाती."

मी सावधपणे विचारलं, की बांधकाम प्रमुखांना राग नाही ना आला? छे, त्यांना तर तो होडीवाला अधिकारी म्हणजे सिंचनवाले साहेब वाटले. सिंचनवाल्यांना तो अर्थ विभागातला वाटला. अर्थ विभागाने गोष्टीची झेरॉक्स काढून बांधकाम प्रमुखांच्या टेबलावर ठेवली, त्यांनी ती सिंचनकडे पाठवली. असा आरसा आठवडाभर साऱ्या कचेरीतून फिरला, जो तो त्यात शेजाऱ्याचं तोंड पाहून खूश झाला. पंचवीस हजार लोकवस्तीच्या तालुक्यात स्वतःला ओळखणारी एकच व्यक्ती निघाली, अचिल. तीही केकावरून.

पुढच्या महिन्यात शाळेच्या पटांगणात माझा सत्कार झाला. बुपाती आले, होडीने. भाषणात म्हणाले, की निर्भीड टीका हा लोकशाहीचा प्राण आहे, आणि आपल्या जिल्ह्यात टीकेची परंपरा अखंड राहावी म्हणून हे प्रशासन टीकेच्या विषयांचं जतन करील. मग आमच्या रीतीप्रमाणे त्यांनी शेवटी पंतुन म्हटलं. इथे चार चरणांचं पंतुन, म्हणजे यमक जुळवलेलं कवन, जोडल्याशिवाय कोणी साहेब माइक सोडत नाही, आणि लोकांनी मोठ्याने दाद दिल्याशिवाय कोणाला जेवण मिळत नाही.

"होडीत घातला केळ्यांचा घड, वर ठेवला फणस;
गोड शब्दांत टोचून बोले, तोच खरा माणूस."

आम्ही दाद दिली. मला शाल मिळाली, आणि जिल्हा टीका समितीचं अध्यक्षपद. खरं सांगतो, त्या क्षणी मला फार बरं वाटलं. खुर्चीवर माझ्या नावाची पाटी होती. तरी अचिल समोर बसून गुडघा चोळत होती, म्हणून मी धीर करून विषय काढला. म्हटलं, साहेब, तेवढ्या फळ्यांचं पाहा.

बुपाती गंभीर झाले. "पाक गुरू, फळ्या बसवल्या तर तुमची गोष्ट खोटी पडेल. माझ्या जिल्ह्यातला लेखक मी खोटा पडू देणार नाही."

आणि त्यांनी तिथल्या तिथे पुलाला साहित्यवारसा म्हणून जाहीर केलं.

अचिल त्या दिवशी माझ्याशी बोलली नाही. दुसऱ्या दिवशी बोलली, ते न बोललेलं बरं असं होतं. शेवटी गावाने ठरवलं, की साहित्य आणि सरकार दोघांना बाजूला ठेवून आपलं आपण उरकून घेऊ. आमच्याकडे कोणाचं घर उचलून हलवायचं असो की कोणाचं लग्न असो, सारं गाव एक दिवस अंगमेहनतीला येतं. तसंच रविवारी सकाळी झालं. कोणी फळ्या आणल्या, कोणी गिरमिट, सरपंचांनी सल्ले आणले. उलिनला आधी भोकं पाडावी लागतात, त्यात दोन गिरमिटं मोडली. पण दुपारच्या अजानेपर्यंत नऊच्या नऊ फळ्या ठोकून झाल्या. भात आणि खारा मासा खाऊन सगळे पुलावर उभे राहिले. अचिल रिकाम्या हाताने पलीकडे गेली, परत आली, पुन्हा गेली. तिसऱ्या खेपेला मधोमध थांबून तिने मुद्दाम पाय आपटला. असं समाधान मी तिच्या चेहऱ्यावर तिच्या मुलीच्या लग्नातही पाहिलं नव्हतं.

मंगळवारी नोटीस आली. संरक्षित वारशात विनापरवाना बदल करून मूळ कलाकृतीची हानी केल्याबद्दल.

गुरुवारी पाहणी पथक आलं. चार माणसं, एक मोजपट्टी, आणि माझ्या गोष्टीची खात्याने पुस्तकरूपात काढलेली सरकारी आवृत्ती. पाक सुरियान्स्याह यांनी पुस्तक उघडून मोठ्याने वाचलं: पान चौदा, ओळ सहा, 'पुलाच्या अकरा फळ्या नदीने गिळल्या होत्या.' मग त्यांनी नव्या फळ्या मोजल्या. नऊ भरल्या. पुन्हा मोजल्या. पुन्हा नऊच.

"पाक गुरू," ते हळूच म्हणाले, "म्हणजे या पुलात मुळातच दोन फळ्या जास्त होत्या?"

मी हात जोडले. म्हटलं, साहेब, चूक माझी. गेल्या होत्या नऊच. अकरा मी पदरचं घातलं, ठसक्यासाठी.

त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, जसं मी आठवीतल्या ढ पोरांकडे पाहायचो. "तुम्ही टीका समितीचे अध्यक्ष आहात. तुम्हीच म्हणताय की साहित्यात वास्तव नव्हतं? मग पुस्तकं मागे घ्यावी लागतील. शाल परत करावी लागेल. आणि काल्पनिक मजकुराच्या आधारे जिल्ह्याची बदनामी केली म्हणून वेगळी कारवाई. ती मात्र माझ्या खात्यात येत नाही, पोलिसांकडे जाते."

पिशवी अजून दाराशीच होती. मी तिच्याकडे पाहिलं, मग पुलाकडे, मग त्यांनी पुढे केलेल्या कागदाकडे. 'प्रस्तुत पुलातील रिकाम्या जागांची संख्या मूळ संहितेप्रमाणे अकरा असल्याचे प्रमाणित करण्यात येते.' खाली मूळ लेखकाच्या सहीची जागा होती.

मी सही केली. लपवून काय करू? केली.

नव्या नऊ फळ्या निघाल्या. नंतर जुन्या दोन निघाल्या, चांगल्या घट्ट बसलेल्या, त्यांना पहारी लागल्या. त्यातली एक नेमकी ती होती, जिच्यावर पाय ठेवून अचिल इतकी वर्षं सहावं भगदाड ओलांडायची. आता ती बाजाराला होडीने जाते. पाऊण तास जास्त लागतो आणि केक गार होतात.

मी स्वस्थ बसलो नाही. लगेच दुसरी गोष्ट लिहिली, 'पूर्ण पूल'. त्यात सगळ्या फळ्या बसतात आणि म्हातारी पायी बाजाराला जाते. म्हटलं, साहित्याप्रमाणे पूल करायचाच असेल तर आता हा करा. महिन्याभरात खात्याकडून गोष्ट परत आली. शेरा होता: 'वास्तवाशी फारकत. लेखकाने प्रत्यक्ष पूल पाहून लिहावे.'

हल्ली शाळांच्या सहली येतात. मुलं वाकून अकरा भोकं मोजतात, वहीत लिहितात. मागच्या महिन्यात वारसा पुलाचा पहिला वर्धापनदिन झाला आणि खात्याने अचिलला प्रमुख पाहुणी म्हणून बोलावलं. पत्रिकेत लिहिलं होतं, 'श्रीमती मस्निया यांचे मार्गदर्शन, त्यानंतर ऐतिहासिक पतनाचे प्रात्यक्षिक.' पतन ओहोटीच्या वेळेलाच ठेवलं होतं, त्यात त्यांनी हयगय केली नव्हती.

अचिल व्यासपीठावर गेली. माइक दोन्ही हातांनी धरला आणि मार्गदर्शन न करता फक्त पंतुन म्हटलं.

"रंबाईच्या झाडाखाली माकडं बसली नऊ;
कौतुक घ्या तुम्ही वाटून, आम्ही पाण्यात जाऊ."

सगळ्यांनी बुपातींकडे पाहिलं. मला वाटलं, आता काही तरी होणार. मग बुपातींनी मांडीवर थाप मारून दाद दिली आणि सगळ्यांनी त्यांच्यामागून दिली. पाक सुरियान्स्याह यांनी त्या ओळी तिथेच टिपून घेतल्या. आज त्या पुलाच्या तोंडाशी संगमरवरी फलकावर कोरलेल्या आहेत. एकच दुरुस्ती केली आहे, माकडं आता अकरा आहेत. यमक गेलं, पण संहितेशी मेळ बसला.

ही हकीकत लिहून झाल्यावर मी अचिलला वाचून दाखवली. या वेळी एकही आकडा वाढवलेला नाही. केक करपलेला नाही. ती दोनदा हसली. मग हसू आवरून म्हणाली, "नावी, पण ही लोकांना आवडली तर रे?"

तेव्हा वाचकहो, एक विचारतो. वाचताना तुम्हालाही कोणी तरी आठवलं असेल. तुमचा साहेब, तुमचे नगरसेवक, सोसायटीचे सेक्रेटरी. तुम्ही स्वतः नाही ना? छान. बुपातीसाहेबांनाही असंच वाटलं होतं.

आणि हसू आलं असेल तर कृपा करून ते मनात ठेवा. कोणाला दाखवू नका, पुढे पाठवू नका, अभिप्राय तर मुळीच कळवू नका. मागच्या गोष्टीचं कौतुक झालं तेव्हा आमच्या दोन फळ्या गेल्या, आणि पुलाला आता एकूण चौदाच उरल्या आहेत.