नागोजीअण्णांचं जाळीचं दार

नागोजीअण्णा बोलता बोलता माणसाच्या कानापाशी टाळी वाजवत. चामराजपेटेत त्यांच्या माडीवरची जागा बघायला आम्ही गेलो, तेव्हा भाड्याचा विषय निघताच त्यांनी माझ्या नवऱ्याच्या कानाशी अशी काही सणसणीत टाळी दिली, की व्यवहार ठरला असं समजून त्यानं हात पुढे केला. अण्णांनी त्या हाताकडे ढुंकूनही बघितलं नाही. स्वतःचे तळवे उघडून नीट निरखले आणि म्हणाले, "सुटला मेला." डासाबद्दल बोलत होते. जागा आम्हाला मिळाली, पण ती कधी ठरली हे आजतागायत कळलेलं नाही.

डास सोडले तर अण्णांना जगात कशातच रस नव्हता, आणि माणसांत तर नव्हताच. सरकारी कचेरीत जन्म घालवून निवृत्त झालेले. त्यांचं संभाषण दोन शब्दांत आटपायचं. तुम्ही आलात की "काय?" आणि निघालात की "सरी", म्हणजे कानडीतलं "ठीक आहे". मधलं सगळं तुम्ही बोलायचं. गल्लीत उभा जन्म गेला, पण समोरच्या घरात कोण राहतं ते विचारलं तर विचारात पडायचे.

रखुमाक्का म्हणजे त्यांच्या पत्नी. त्या बरोबर उलट्या. संध्याकाळ झाली की उंबऱ्याच्या आत पाट टाकून बसायच्या आणि रस्त्यानं जाणाऱ्या प्रत्येकाला अडवायच्या. "काय गे पोरी, ऊट झालं का?" जेवण झालं का, हा प्रश्न त्या सकाळी, दुपारी, कधीही विचारत. मी पुण्याहून नवी आले होते. कानडीचा गंध नव्हता, दिवसभर बोलायला कुणी नव्हतं. अक्कांचा तो प्रश्न नसता, तर पहिल्या सहा महिन्यांतच मी सामान बांधलं असतं.

आमच्या चौथ्या पावसाळ्यात अक्कांना मलेरिया झाला. बऱ्या झाल्या आणि पुन्हा झाला. डॉक्टरांनी दम भरला, की आता डास चावता कामा नये, या वयात तिसऱ्यांदा झेपणार नाही. झालं, पाच वाजले की पुढचं दार बंद. अक्का आत बसून राहू लागल्या. बोलणं कमी झालं, मग जेवण कमी झालं. एकदाच काय त्या उसळल्या. "दार लावून दिवेलागण करायची? मग लक्ष्मी काय न्हाणीच्या मोरीतून येणार?"

"सरी," अण्णा म्हणाले.

दुसऱ्या दिवशी सुतार आला आणि जाळीच्या दाराचं माप घेऊ लागला. अक्कांनी त्याला हाकलला. दिवा लावताना दार सताड उघडं हवं, क्षणभर का होईना. "लक्ष्मीला काय चाळून घ्यायचंय?" यावर अण्णा दोन दिवस समोरच्या दुकानाच्या शटरकडे बघत बसले. मग होसकोट्याला जाऊन एक स्प्रिंग घेऊन आले.

योजना अशी होती. दारावर लोखंडी पाइप, त्यात स्प्रिंग, पाइपावर हिरवी नायलॉनची जाळी गुंडाळलेली. जाळीच्या खालच्या कडेला लाकडी पट्टी, ती ओढून उंबऱ्यातल्या कडीत अडकवायची. कडी काढली की जाळी आपोआप वर. अण्णांनी आयुष्यात भिंतीत खिळाही ठोकलेला नव्हता, त्यामुळे आत्मविश्वास दांडगा होता. पहिली स्प्रिंग इतकी जोरकस निघाली, की माझ्या नवऱ्यानं कडी काढताच पट्टीत अडकून त्याची ऑफिसची बॅग वर गेली आणि डब्यासकट छताशी लोंबकळत राहिली. दुसरी इतकी मवाळ, की जाळी अर्ध्यावर थांबायची आणि येणाऱ्याच्या टाळक्यात पट्टी बसायची. तिसरी मात्र जमली.

मग सुरू झालं आमचं शिक्षण. "हळू. हात सोडायचा नाही. जाळीला वरपर्यंत पोचवून यायचं. सरी?" दूधवाला, पोस्टमन, पाहुणे, सगळ्यांना हा धडा. दर रविवारी अण्णा जुन्या टूथब्रशनं, जाळीच्या कडा ज्यांतून सरकत त्या दोन्ही बाजूंच्या पन्हळी घासत आणि त्यांत मेणबत्ती फिरवत. तेल घातलं तर धूळ बसते, असं त्यांचं मत होतं आणि ते रोज ऐकावं लागे. दिवेलागणीला ते जाळी वर करत, अक्का समई लावून हात जोडत, आणि तेवढा वेळ अण्णा दारात उभे राहून डावी-उजवीकडे फटाफट टाळ्या वाजवत. बघणाऱ्याला वाटावं, स्वागत चाललंय. नमस्कार झाला, की जाळी खाली.

दार उघडं राहिलं, डास बाहेर राहिले, सगळं मनासारखं झालं. फक्त अक्का बोलेनात. पाटावर बसत आणि नुसत्या समोर बघत. लोक येत-जात. हाक आली नाही, की तेही पुढे जात.

अण्णांना वाटलं, जाळीतच दोष आहे. विणीतून आवाज जात नसणार. त्यांनी मला बाहेर उभं केलं.

"बोला."

"काय बोलू?"

"काहीही. रोज बोलता तेच."

मी आपली वाण्याची यादी म्हटली. तांदूळ, तूरडाळ, चिंच. अण्णा आत कान देऊन बसलेले. शेवटी अक्का वैतागल्या. "ऐकू येतंय हो सगळं! दिसतंय कुठे? दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, आत दिवा, समोर ही हिरवी जाळी. बाहेर नुसत्या सावल्या हलतात. कोण चाललंय ते कळल्याशिवाय हाक कुणाला मारू?"

मोतीबिंदू पिकल्याशिवाय ऑपरेशन नाही, असं डॉक्टरांनी सांगितलेलं. दिवेलागणीला घरात अंधार करणं अक्कांना मान्य नव्हतं. अण्णा "सरी" म्हणाले आणि आत निघून गेले. मला त्यांचा फार राग आला. एवढ्या बोलण्यावर याच एका शब्दानं पाणी ओतायचं?

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मी बसमधून उतरून घरी आले, तर अण्णा जाळीच्या बाहेर, पायरीवर बसलेले. धोतर घोट्यापर्यंत ओढलेलं, गळ्याभोवती पंचा. टोपली घेतलेली एक बाई समोरून चालली होती.

"एम्मा, नाव काय तुझं?" अण्णांनी विचारलं. ती बिचारी घाबरून थांबली. तिनं नाव सांगितलं.

"मंजुळा चाललीय," अण्णा मान मागे वळवून म्हणाले. "फुलवाली. टोपली रिकामी आहे."

"मंजुळा!" आतून हाक आली. "आज लौकर संपली गे फुलं? ऊट झालं का?" आणि मंजुळा टोपली खाली ठेवून जाळीपाशी उकिडवी बसली. कानडी-मराठीची सरमिसळ सुरू झाली. कितीतरी दिवसांनी अक्का हसल्या. अण्णांच्या पायांवर, मानेवर, कपाळावर डास बसले होते. ते एका पायानं दुसरा पाय घाशीत रस्त्याकडे बघत होते, पुढचं कोण येतंय ते.

मी जवळ गेले. "अण्णा, आत जाऊन बसा ना. किती चावतायत!"

"आत बसलो तर तिला सांगणार कोण?" ते हळू आवाजात म्हणाले. मग त्यांनी मान वर करून माझ्याकडे नीट पाहिलं. "नाव काय तुमचं?"

त्यांच्या घरात आमच्या चार दिवाळ्या झाल्या होत्या. "शुभा," मी म्हटलं.

"शुभा आलीय गे," अण्णांनी आत सांगितलं. "माडीवरची. निळी साडी आहे. दमलेली दिसते, कॉफी विचार तिला."